पहिल्या पदकाची जागा

कामठीच्या छावणीच्या बाजारात एक म्हातारा शिंपी होता. त्याच्याकडे झंपर किंवा पायजमा शिवायला कोणी जात नसे. फौजी लोकांची पदकं पट्टीवर चढवून देणं एवढंच त्याचं काम. सरकारकडून पदकं येतात ती सुटी, पुठ्ठ्याच्या डबीत, सोबत वीतभर रंगीत रिबन. ती रिबन दुमडून कडक कापडावर शिवायची, पदकं एका रेषेत लोंबतील अशी बेतायची आणि मागे पिन लावायची. कोणतं आधी आणि कोणतं नंतर, हेही ठरलेलं असतं. सगळ्यात मानाचं पदक कोटाच्या बटणांकडे पहिलं, बाकीची त्याच्या मागे हाताच्या बाजूला.

१९७८ च्या हिवाळ्यात मी नवऱ्याची तीन पदकं रुमालात बांधून त्याच्याकडे घेऊन गेले. म्हटलं, "चाचा, पदकं तीन आहेत, पण पट्टी चाराची करा. पहिली जागा रिकामी ठेवा."

त्यानं चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. "जागा ठेवत नसतात बाई. नवीन मेडल आलं की पूरी पट्टी उसवायची, फिरून शिवायची. हाच कायदा हाय. रिकामी जागा बुरी दिसते."

"दिसू द्या. येणार आहे ते. मंजुरीला अडकलंय," मी म्हटलं, आणि तो शिवेपर्यंत समोर बसून राहिले. मी नागपूरच्या महाल भागातल्या मुलींच्या शाळेत चौथीच्या वर्गावर शिकवत होते. समोरचा माणूस ऐकत नसला की त्याच्यासमोर बसून राहायचं, ही माझी जुनी खोड.

आता ही जागा कोणाची, ते सांगते.

आमचे हे पलटणीत ड्रायव्हर होते. एकाहत्तरच्या लढाईत पश्चिमेच्या आघाडीवर होते. लढाई संपून चार महिन्यांनी सुट्टीवर आले, तेव्हा छातीवर रिबनचे दोन-तीन रंगीत तुकडे होते. रिबन आधी मिळते आणि पदक मागाहून, कधीकधी वर्षांनी. आम्ही तेव्हा महालात दोन भाड्याच्या खोल्यांत राहत होतो, मी आणि सासूबाई. सासूबाईंनी त्या रंगांवरून बोट फिरवलं आणि विचारलं, "हे कशाचं व्हय?" हे म्हणाले, "लढाईत होतो, त्याचं."

आणि मी चहाचा कप पुढे करत विचारलं, "म्हणजे जे जे होते त्या सगळ्यांनाच मिळतं?"

"हो. सगळ्यांलेच."

"असं होय," मी म्हटलं. एवढंच. रेशनवर साखर आली का विचारावं, त्या सुरात विचारलं होतं मी. माझ्या मनात काही वाईट नव्हतं. पण हे लिहायला बसले आहे तर तो सूर लपवून चालणार नाही.

जेवणं झाल्यावर यांनी ती गोष्ट सांगितली. सकाळची वेळ. दारूगोळ्याच्या गाड्या कीकराच्या, म्हणजे आपल्या बाभळीच्या, झाडांखाली रांगेनं उभ्या. गोळा येऊन पडला आणि मधल्या ट्रकच्या ताडपत्रीनं पेट घेतला. तो ट्रक फुटला असता तर शेजारचे आठ-दहा ट्रक गेले असते, माणसांसकट. हे त्याच ट्रकमध्ये होते. उडी मारली नाही, स्टेअरिंग धरलं आणि अर्धा मैल लांब कोरड्या नाल्यात गाडी नेऊन घातली. उडी मारली आणि मागे ट्रक उडाला. सासूबाईंनी तोंडावर पदर धरला होता. मला मात्र यांच्या हातांची काळजी. मी हात ओढून पाहिले. साधा डागही नव्हता.

"पोत्याचं फडकं भिजवून हाताले गुंडाळलं होतं," हे म्हणाले.

केवढं कौतुक वाटलं मला त्या फडक्याचं! शौर्य काय, कोणीही दाखवेल. पण ऐन आगीत पाण्याचं सुचणं ही अक्कल. पुढे वर्गात मी ही गोष्ट सांगायची, तेव्हा या फडक्यापाशी आवर्जून थांबायची.

"कर्नल साहेबानं सगळं लिहून नेलं," हे शेवटी म्हणाले. "माही सहीबी घेतली. कागद वर गेले. आता मंजुरी आली का भेटते."

मला पदकांची माहिती नव्हती, तरी मी ती करून घेतली. शौर्याचं पदक असं ऊठसूट मिळत नाही. ज्यानं पराक्रम केला, त्याच्या अधिकाऱ्यानं शिफारस लिहायची. प्रत्यक्ष डोळ्यांनी पाहणाऱ्याचा जबाब जोडायचा, त्याखाली त्याची सही. मग ते कागद एकेक पायरी चढत दिल्लीला जातात आणि सव्वीस जानेवारी नाहीतर पंधरा ऑगस्टच्या सुमाराला यादी निघते. हे सगळं मला तोंडपाठ होतं. आणि तरीही, ज्याला पदक मिळायचं त्याची सही कशाला घेतील, सही तर पाहणाऱ्याची असते, हा चौथीतल्या मुलीला पडावा असा प्रश्न मला नऊ वर्षांत एकदाही पडला नाही. नवऱ्यावर विश्वास ठेवला की माणसाचं गणित असं कच्चं होतं.

यादी आली की मी शाळेतल्या वर्तमानपत्रात बोट ठेवून नावं वाचायची. पहिल्या वर्षी नाव नव्हतं. दुसऱ्या वर्षीही नव्हतं. पत्रातून विचारलं की यांचं उत्तर यायचं, फाईल अडकली आहे. मग यादी वाचणंच मी सोडून दिलं. पंच्याहत्तरला हे निवृत्त होऊन घरी आले आणि सीताबर्डीला एका दुकानाच्या दारावर पहारेकरी म्हणून लागले. फाईल अडकलेलीच. सासूबाईंनी त्या पदकासाठी लाल मखमलीचा एक तुकडा पत्र्याच्या डब्यात जपून ठेवला होता. शेवटच्या आजारात त्या रोज विचारायच्या, "आलं का गा तुहं मेडल?" आणि हे त्यांच्या उशाशी बसून, त्यांचा हात हातात घेऊन सांगायचे, "निघालं हाय माय. रस्त्यात हाय." ती माउली त्याच वाटेकडे डोळे लावून गेली.

बाकीची तीन पदकं मात्र त्यानंतर पोस्टानं आली. मी डब्या उघडल्या, आत आहेत एवढं पाहिलं आणि बंद केल्या. सगळ्यांनाच मिळतात ती.

चाचानं शिवून दिलेली ती पट्टी हे दोन सव्वीस जानेवारींना कोटावर लावून कस्तुरचंद पार्कवर संचलन पाहायला गेले. पहिल्या वेळी पट्टी हातात घेऊन बराच वेळ उभे होते. म्हणाले, "ही पहिली जागा खाली काहून ठेवली?" मी म्हटलं, "तुमच्या हक्काची जागा आहे. लोकांना कळू द्या." मग पट्टी कोटाला लावून घेतली. मला वाटलं, भरून आलं असेल.

एक्याऐंशीच्या जानेवारीत एक दिवस दुपारी दारात एक उंच, काळासावळा माणूस येऊन उभा राहिला. हातात तुरीच्या शेंगांची पिशवी. सावनेरकडचा. यांच्याच पलटणीतला, यांच्याच ट्रकवरचा जोडीदार, नुकताच निवृत्त होऊन गावी आलेला. हे कामावर होते. मी त्याला बसवलं, चहा दिला. त्यानं कप कानाला धरून उचलला नाही, दोन तळव्यांत दाबून उचलला. तळवे गुळगुळीत, चकचकीत, रेषाच नसलेले. बोटं पुरती मिटत नव्हती.

"हाताला काय झालं भाऊजी?" मी विचारलं.

"जुनं हाय वहिनी. पोयलं होतं." आणि विषय बदलून म्हणाला, "पंधरा दिवसांनी आमचा सत्कार ठेवला हाय, नागपुरातच. जिल्ह्यातल्या समद्या मेडलवाल्यांचा. मोठे साहेब येऊन राहिले. मले तिथं तुमचा माणूस पाहिजे. त्यानं नाही म्हटलं तं तुम्ही घिऊन या त्याले. येसान ना?"

मी कबूल केलं. माझ्या डोक्यात लगेच दुसरंच चक्र सुरू झालं. मोठे साहेब येणार. म्हणजे फाईलीबद्दल विचारायची आयतीच संधी. मी दोन दिवस खपून सुवाच्य अक्षरात अर्ज लिहिला. नवऱ्याचा नंबर, हुद्दा, पलटण, घडलेली हकिकत, ओल्या फडक्यासकट, आणि 'तरी कृपा करून नऊ वर्षे प्रलंबित असलेल्या पदकाचा निकाल लावावा ही विनंती'. खाली माझी सही, 'पत्नी' असं लिहून.

हे जायला तयारच होईनात. पोट दुखतं म्हणाले, सुट्टी मिळत नाही म्हणाले. मी ऐकते थोडीच! कोट काढला, पट्टी लावली, रिक्षात बसवलं. रिक्षात माझ्या पर्समधून डोकावणारा अर्ज यांनी पाहिला. "हे काय व्हय?" मी सांगितलं. यांचा चेहरा पांढरा पडला.

"देऊ नको तो. मी पाया पडतो तुह्या. देऊ नको."

"काहून? भीक मागून राहिलो का आपण?" मी रागात यांच्याच बोलीत बोलले. मला वाटलं, मानी माणूस, स्वतःसाठी मागायची लाज वाटते. केवढ्या अभिमानानं बसले होते मी त्या रिक्षात!

हॉल भरला होता. आम्हाला दुसऱ्या रांगेत बसवलं. एकेकाचं नाव पुकारायचं, त्याचं मानपत्र वाचायचं, आधी इंग्रजीत, मग आमच्यासारख्यांसाठी मराठीत. म्हणजे दिल्लीला मंजूर झालेला पराक्रमाचा मजकूर जसाच्या तसा. त्यानंतर हार आणि श्रीफळ. तिसरं नाव सावनेरच्या भाऊजींचं होतं. ते व्यासपीठावर ताठ उभे राहिले. छातीवर पाच पदकं, आणि बटणांकडचं पहिलं, शौर्याचं.

निवेदक वाचू लागला. सकाळची वेळ. दारूगोळ्याच्या गाड्या झाडांखाली उभ्या. गोळा पडला, ताडपत्री पेटली.

माझ्या मनात पहिल्यांदा काय आलं सांगू? असं आलं की चूक झाली आहे, यांचा कागद भाऊजींच्या नावावर वाचला जातोय. मी उठायच्या बेतात होते. अर्ज हातात होताच. मी यांच्याकडे पाहिलं. हे मान खाली घालून स्वतःचे गुडघे पाहत होते.

निवेदक वाचतच होता. "स्टेअरिंगचं चाक तापून लाल झालेलं असताना, हातांना कोणतंही संरक्षण नसताना, दोन्ही तळहात भाजत असूनही त्यांनी गाडी अर्धा मैल नेली…"

कोणतंही संरक्षण नसताना. फडकं नव्हतं. फडकं कधीच नव्हतं. ते माझ्या घरात, माझ्या समोर, मी यांचे हात ओढून पाहिले त्या क्षणी तयार झालं होतं. आयत्या बिळावर नागोबा ही म्हण मी दरवर्षी मुलींना शिकवायची. नागोबा माझ्याच घरात नऊ वर्षं वेटोळं घालून बसला होता, आणि मी त्याला दूध पाजत होते.

टाळ्या थांबल्यावर भाऊजींनी माईक मागितला. दोन तळव्यांत तो धरून म्हणाले, "मले बोलता येत नाही. मी फक्त येवढं सांगतो, का हे मेडल माह्या एकट्याचं नाही. माह्या जोडीदारानं डोयानं पाहिलं अन् साहेबापुढं खरंखरं सांगून सही केली, म्हणून हे भेटलं. तो आज इथं बसला हाय." आणि हात आमच्याकडे केला. लोकांनी माना वळवल्या, पुन्हा टाळ्या झाल्या. हे उठून उभे राहिले, हात जोडले आणि बसले.

साहेबापुढं खरंखरं. हे वाक्य मला आजही सोसत नाही. साहेबापुढं खरं बोलता येत होतं यांना! सरकारी कागदावर अक्षर न बदलता बोलता येत होतं! खोटं राखून ठेवलं होतं ते फक्त आईसाठी आणि माझ्यासाठी.

कार्यक्रम संपला तसे भाऊजी गळ्यातल्या हारासकट धावत आले आणि यांना कवटाळलं. मग मागे सरकून यांच्या छातीकडे पाहिलं, आणि एकदम त्यांचा चेहरा घाबरा झाला.

"अरे! तुहं एक मेडल पडलं गा!"

पट्टीवरची पहिली जागा रिकामी. फौजी माणसाच्या डोळ्याला दुसरं काय दिसणार? पट्टीवर जागा आहे म्हणजे तिथं पदक होतं. भाऊजी हार सावरत खाली वाकले. "खुर्च्या सरका जरा. मेडल पडलं माह्या दोस्ताचं." चार माणसं वाकली. एक म्हातारे सुभेदार काठी टेकून खुर्चीखाली पाहू लागले. कोणी म्हणालं दारात पाहा, कोणी म्हणालं रिक्षात पडलं असेल.

आणि मग हेही खाली बसले. गुडघ्यांवर. खुर्चीखाली हात घालून चाचपू लागले. जे पदक या जगात नव्हतं, नसल्याचं यांना पहिल्यापासून ठाऊक होतं, ते हे फरशीवर शोधत होते. शोधताना एकदा वर माझ्याकडे पाहिलं. लहान मूल पाहतं तसं नाही. पकडलेला माणूस पाहतो तसं.

माझ्या तोंडाशी शब्द आले होते. 'उठा सगळे, पडलं नाही काही, नव्हतंच.' एवढं म्हटलं असतं तर नऊ वर्षांचा हिशेब तिथंच मिटला असता. पण समोर भाऊजी होते, भाजलेल्या हातांनी फरशी पुसत.

"राहू द्या भाऊजी," मी म्हटलं. "पडलं नाही. घरीच राहिलं ते."

"पक्कं?"

"पक्कं. मीच लावायला विसरले."

म्हणजे मलाही खोटं बोलायला लावलं यांनी. स्वतःचं खोटं एकट्यानं वाहवलं नाही म्हणून शेवटी माझ्याही डोक्यावर त्याचं अर्धं ओझं दिलं.

घरी आल्यावर यांनी कोट खुंटीला लावला आणि तिथंच भिंतीकडे तोंड करून बोलले. "त्याच्या बाजूले मीच बसलो होतो ट्रकमंधी. आग लागली तशी मी उडी मारली. त्यानं नाही मारली. मी झाडाखाली पडून पाहत होतो."

मी हातातल्या अर्जाची घडी घातली.

"बाकी सगळं खरं होतं. माणूस फक्त बदलला मी."

"माणूसच तर होता त्यात," मी म्हटलं.

"तू इचारलं होतं, सगळ्यांलेच भेटते का. तुह्या तोंडाकडं पाहवलं नाही मले."

हो, विचारलं होतं. प्रश्न माझा होता, तो चुकला. पण उत्तर यांचं होतं, आणि ते नऊ वर्षं रोज दिलेलं होतं. मरणाऱ्या आईला दिलेलं होतं. पेटत्या ट्रकमधून उडी कोणीही मारेल, मीही मारली असती. उडी मारलेल्या आणि मग साहेबापुढं आपली उडी न लपवता दोस्ताचं नाव सांगणाऱ्या माणसाबरोबर मी मान वर करून संसार केला असता. तो माणूस यांनी मला दाखवलाच नाही. माझी लायकी तेवढी नाही, असं परस्पर ठरवून टाकलं. मला सगळ्यात जास्त हे लागलं, आणि तसं मी यांना तोंडावर सांगितलं. हे ऐकून घेत उभे राहिले.

अर्ज मी चुलीत घातला. मखमलीचा तुकडा मात्र टाकवला नाही. तो सासूबाईंचा होता.

पुढच्या रविवारी मी एकटीच बसनं कामठीला गेले. चाचाचं दुकान तिथंच होतं, चाचा थोडा आणखी वाकलेला. मी पट्टी त्याच्यापुढं ठेवली. "तिनाची करून द्या."

त्यानं उसवायला घेतलं. एकदाही म्हणाला नाही की मी सांगितलं होतं. दोरे काढून पदकं सुटी झाली तशी त्यानं एक उचलून, काठ उजेडाकडे धरून, डोळे बारीक केले. "नाव बराबर हाय ना बाई? कभी कभी अदलाबदल होते. देखून घ्या."

पदकाच्या काठावर नाव कोरलेलं असतं, हे मला माहीत नव्हतं. इतकी माहिती गोळा केली होती मी, पण ती न आलेल्या पदकाची. आलेली तीन कधी हातात धरून पाहिली नव्हती. मी चष्मा लावला. बारीक अक्षरांत यांचा नंबर, हुद्दा, नाव. दुसऱ्यावरही तेच, तिसऱ्यावरही तेच. या तिन्हींवर दुसऱ्या कोणाचं काहीच नव्हतं. मी ती तीन पदकं तळहातावर घेऊन बसले आणि माझा राग थोडाही कमी झाला नाही. उलट वाढला. एवढं स्वतःच्या नावाचं होतं तर!

"बराबर आहे," मी चाचाला म्हटलं. "शिवा."

त्या वर्षीची सव्वीस जानेवारी त्याआधीच, यांनी कोटाला हात न लावता, होऊन गेली होती. पुढच्या वर्षीच्या सव्वीस जानेवारीला शाळेत मुलींनी ट्रकची गोष्ट मागितली. मी सांगितली. या वेळी त्यात दोन माणसं होती आणि फडकं नव्हतं. एका मुलीनं विचारलं, "बाई, दुसरा माणूस काय करत होता?" मी म्हटलं, "पाहत होता. नंतर त्यानं खरं सांगितलं." मुलीला ते पुरलं.

त्याच दिवशी सकाळी हे कोट न घालताच निघाले होते. वर्षभरात आम्ही घरात फार थोडं बोललो होतो. मी कोट आणला, यांच्या अंगावर चढवला आणि पट्टी लावली. तीन पदकं, खेटून. यांचा अंगठा सवयीनं बटणांकडच्या त्या जागेवर गेला आणि तिथं पट्टीच नाही म्हटल्यावर तसाच थांबला.

"चाचाकडून कमी करून आणली," मी पिन घट्ट करत म्हटलं. "आता कोणाला वाकावं लागणार नाही."